हाक एक, ओ दोन

सिंदी (रेल्वे) या गावातून आजवर एकही माणूस आपल्या आडनावाचा उगम सांगितल्याशिवाय सुटलेला नाही, आणि याचं सगळं श्रेय आमच्या घरमालकांना जातं. गाडी इथे फार वेळ थांबत नाही. पण तेवढ्यातही खिडकीशी बसलेल्या अनोळखी प्रवाशाला त्यांनी आडनाव विचारलं, गाडी सुटल्यावर तिच्याबरोबर धावत त्याचं मूळ गाव काढून घेतलं, आणि फलाट संपता संपता "मंग तुम्ही मुळात नदीपल्याडचे" असा निकालही ऐकवला, असं स्टेशनवरचा चहावाला शपथेवर सांगतो. मी हे पाहिलेलं नाही. पण मला खोटंही वाटत नाही.

बँकेतल्या नोकरीसाठी मी नागपूरहून सिंदीला आले आणि त्यांच्या वरच्या खोलीत राहू लागले. सगळं गाव त्यांना काकाजी म्हणतं, म्हणून मीही म्हणू लागले. पहिल्या दिवशी बॅग खाली ठेवायच्या आधीच त्यांनी नाव विचारलं. मी "वेणा" म्हणाले. त्यांनी "पुढं?" विचारलं. मी जिना कुठे आहे ते विचारलं. आपल्याकडे आडनाव कोण कशासाठी विचारतं हे कळण्याइतकी मी मोठी होते. काकाजींनी माझ्याकडे नीट पाहिलं आणि म्हणाले, "जात नाई विचारून राह्यलो, पोरी. गाव विचारून राह्यलो. आडनाव म्हणजे निघालेल्या माणसानं सोबत घेतलेली गावाची पाटी." मग मी आडनाव सांगितलं. इथे सांगत नाही, कारण ते सांगितलं की लोक पुढचं वाचायचं सोडून अंदाज बांधत बसतात. काकाजींनी मात्र अंदाज बांधला तो आमचे पूर्वज कुठलं पीक घेत असावेत याचा, आणि तो साफ चुकला. माझ्या घरी सात पिढ्यांत कोणी ऊस लावलेला नाही. "आठवीत लावला असन," ते म्हणाले.

चुकण्याची त्यांना अजिबात भीती नव्हती. गॅसचं सिलिंडर आणणारा मुलगा वाघमारे होता. "कोनत्या पिढीनं मारला?" असं त्यांनी त्याला दारातच विचारलं. सिलिंडर खांद्यावर तसंच ठेवून तो म्हणाला, "काकाजी, मी तं मांजरीलेही भेतो." त्यावर काकाजींनी, भिणाऱ्याच्याच हातून वाघ मरतो कारण तो डोळे मिटून मारतो, असा सिद्धांत मांडला. आमच्या बँकेत एक उगेमुगे आडनावाचे साहेब बदलून आले, तेव्हा काकाजी काही काम नसताना चार दिवस बँकेत येऊन बसले. त्या आडनावाचे त्यांनी तीन उगम शोधले आणि तिन्ही सारख्याच खात्रीनं सांगितले. साहेबांना तिसरा आवडला. आरोग्य केंद्रातल्या मडावी सिस्टरपुढे मात्र ते विद्यार्थी होऊन बसत. सिस्टरच्या घरी अजून गोंडी बोलतात. त्यांच्यात आडनावावरून घराण्याचे देव किती ते कळतं आणि कोणाशी सोयरीक जमते तेही कळतं, हे ऐकून काकाजी इतके हरखले, की ज्यासाठी गेले होते ते इंजेक्शनच विसरून घरी आले.

लोक वर्तमानपत्र वाचतात तशा ते लग्नपत्रिका वाचत, अगदी खालच्या ओळीतल्या 'आमच्या मामाच्या लग्नाला यायचं हं' म्हणणाऱ्या चिमुकल्यांपर्यंत. बारशाला त्यांना बोलवायला लोक कचरत. एका बारशात बाळाचं नाव रियांश ठेवल्यावर त्यांनी बाळाच्या वडिलांना बाजूला घेऊन अर्थ विचारला. वडिलांनी मोबाईलमध्ये पाहून "देवाची कृपा" असं सांगितलं. "मंग कृपाराम ठेवा ना," काकाजी म्हणाले, "आम्हाले बी समजन अन देवाले बी." माझ्या नावावर मात्र ते खूश होते. बाबा हिंगणघाटला वाढले, वेणा नदीत पोहायला शिकले आणि पहिल्या मुलीला त्यांनी नदीचं नाव दिलं. माझ्या इंग्रजी शाळेत मला सगळे वीणाच म्हणत आणि मी कधी कोणाला दुरुस्त केलं नाही. पण काकाजी खालून पूर्ण नदी वाहवल्यासारखी हाक मारत, "वेणाऽऽ", आणि वर कपडे वाळत घालताना मला उगाच आपण कोणीतरी आहोत असं वाटे.

एक गोष्ट माझ्या फार उशिरा लक्षात आली. तुरीच्या शेंगा सोलत बसलो असताना काकू सहज म्हणाल्या, "साऱ्या जिल्ह्याचे नावं पुसते हा माणूस. माहं नाव त्याच्या तोंडून अजून नाई निघालं."

"मग काय म्हणतात?"

"'अवं' म्हणते. लाडात आला तं 'ऐकलं का'."

काकूंचं नाव कमल. गंमत म्हणजे पलीकडच्या घरातल्या बाईंचंही नाव कमल, आणि त्यांना काकाजी भिंतीवरून दिवसातून दहादा "ओ कमलबाई" म्हणून हाक मारत. ते चालत होतं. बायकोचं नाव घेणं हे मात्र, काकूंच्या म्हणण्याप्रमाणे, "सदरा काढून बजारात जाण्यासारखं" होतं.

त्याच दिवशी शेंगा सोलता सोलता मी काकूंना माझी अडचण सांगितली. माझं लग्न ठरत होतं. मुलगा आर्वीच्या शाखेतला, घर आर्वीजवळच्या तळेगावचं. आमचं आधीच जमलेलं होतं, घरच्यांना फक्त नंतर जमवायला दिलं होतं. सगळं छान होतं, पण त्याच्या आईला माझं नाव बदलायचं होतं. लग्नानंतर लक्ष्मीपूजनाला ताटात तांदूळ पसरून नवरा अंगठीनं बायकोचं नवं नाव लिहितो, तिथे 'श्रावणी' लिहायचं असं ठरत होतं. हौस म्हणून नाही. मुलाच्या आजीचं नावही वेणा होतं, आणि सासूचं नाव सुनेनं तोंडातून काढायचं नसतं. त्याची आई इतकी काटेकोर, की लग्न होऊन आल्यापासून तिनं वेणी हा शब्दसुद्धा उच्चारला नव्हता. मुलीला ती "ये, केस गुंफून देतो" म्हणायची. आता अशा बाईनं मला दिवसभर हाक कशी मारायची?

मला तिचं म्हणणं पटत होतं, हीच तर पंचाईत. मुलगा म्हणाला, मी लढतो. मी नको म्हणाले. लढून मिळालेलं नाव रोज स्वयंपाकघरात ऐकायचं धैर्य माझ्यात नव्हतं. आणि श्रावणी म्हटल्यावर मान वर करणारी मुलगी मी होऊ शकेन, असंही वाटत नव्हतं.

काकूंना सांगितलेलं काकाजींपर्यंत पोचायला शेंगा सोलून व्हायचाही वेळ लागला नाही. मला वाटलं, चिडतील. ते तर उजळले. "त्या बाईचंही नाव वेणा? मंग तिचं माहेर नदीकाठचं असन. तळेगावात कोन ठेवते हे नाव? मले साक्षगंधाले नेजो."

"काकाजी, तिथे काही बोलू नका."

"मी काऊन बोलू? मी फक्त विचारतो."

हे ऐकून माझी रात्रीची झोप गेली.

साक्षगंधाच्या, म्हणजे साखरपुड्याच्या दिवशी तळेगावच्या घरात माणसं मावत नव्हती. कुंकू लागलं, साडी दिली, फोटो झाले. मग त्याच्या आईनं माझ्या आईजवळ बसून हळूच विषय काढला. "नावाचं तेवढं समजून घ्या, बाई. पोरगी लाखात एक आहे. पण माही जीभच नाई वळत." माझी आई माझ्याकडे पाहू लागली. मी खाली पाहू लागले. 'हो' माझ्या ओठांवर आलेलंच होतं.

तेवढ्यात काकाजी उठले. सगळ्यांना वाटलं, हात धुवायला चालले. ते सरळ ओसरीवर गेले. तिथे खाटेवर आजी बसल्या होत्या. त्यांच्यासमोर जमिनीवर मांडी घालून काकाजींनी, गाडीच्या खिडकीतल्या प्रवाशाला विचारावं तसं विचारलं, "बाई, नाव काय तुमचं?"

 आतल्या बायका दाराशी आल्या. आजींनी मान वर करून त्यांच्याकडे पाहिलं.

"मले कोन विचारते नाव?" त्या म्हणाल्या. "आजी म्हणते, बुढी म्हणते."

"मी विचारून राह्यलो ना."

"वेणा." त्यांनी ते असं सांगितलं, जणू पेटीच्या तळातून काही काढून हातावर ठेवलं. "हिंगणघाटाखालचं गाव माहं. नदी घराच्या मागूनच जाये. बाप म्हणे, ही नदीनं देल्ली."

"हाक कोन मारे तुम्हाले?"

"भाऊ मारे. इथंवर भेटाले येये अन फाटकातूनच वरडे. तो गेला. आता हाक मारनारं कोनी नाई राह्यलं, बाप्पा."

काकाजींनी यावर काहीच सिद्धांत मांडला नाही. त्यांनी फक्त दारात आलेल्या माझ्याकडे बोट दाखवून म्हटलं, "त्या पोरीचं बी हेच नाव आहे. तिच्या बापानं त्याच नदीवरून ठेवलं."  

आजींनी मला जवळ बोलावलं. माझा हात धरून ठेवत त्या आतल्या दिशेनं म्हणाल्या, "सूनबाई, ऐकून राह्यली का? मले नको म्हणू. हिले म्हण. माह्या कानावर तं येईन."

माझ्या होणाऱ्या सासूबाई उठल्या. डोक्यावरचा पदर सारखा करून स्वयंपाकघरात गेल्या. मला वाटलं, संपलं. बऱ्याच वेळानं आतून भांड्यांचे आवाज आले, मग कोणीतरी घसा खाकरल्याचा, मग पुन्हा भांड्यांचे. आणि मग अगदी हळू, पहिल्यांदा सायकलवर बसवलेल्या मुलासारखा डगमगत एक आवाज आला, "वेणा... चहा ने बाई."

मी ओ द्यायला तोंड उघडणार, तोच माझ्या शेजारून, खाटेवरून खणखणीत आवाज आला, "ओ!"

दारात येऊन त्याच्या आईनं दोन्ही हातांनी तोंड झाकलं. मग त्या हसू लागल्या, आणि मग सगळं घरच हसू लागलं. हसताना आजींनी माझा हात सोडला नाही.

परतीच्या बसमध्ये काकाजींनी कंडक्टरलाही आडनाव विचारलं नाही. बाहेर पऱ्हाटीची, कापसाची शेतं मागे जात होती आणि ते त्यांच्याकडे पाहत होते. सिंदीला घराच्या फाटकाशी आम्ही पोचलो तेव्हा ते थांबले, सदऱ्याची वरची गुंडी लावली, आणि भिंतीवरून कमलबाईंना हाक मारत त्यापेक्षा कितीतरी हलक्या आवाजात म्हणाले, "कमल."

आतून काकूंचा आवाज आला, "ते तिकडच्या दारानं येते. तिले काऊन इथं बोलावून राह्यले?"

काकाजींनी माझ्याकडे पाहिलं. मी चप्पल काढण्यात गुंतले.

"तिले नाई," ते म्हणाले. "तुले."

 आतून गॅस बंद केल्याचा आवाज आला.

तांदळात शेवटी वेणाच लिहिलं गेलं, जरा वाकडं. आता मी तळेगावात राहते. काकाजींचा अधूनमधून फोन येतो. तब्येत, पाऊसपाणी काही न विचारता ते एवढंच विचारतात, "आजीची ओ येते ना?" येते, मी सांगते. आता पहिल्यासारखी खणखणीत नाही, कधी कधी खोकल्यात हरवते, पण येते. सासूबाईंची जीभ आता सरावली आहे, दिवसातून कितीदा तरी त्या मला हाक मारतात, कधी कधी काही कामही नसतं. आमच्या घरात हाक एक आणि ओ दोन. यातली एक कधीतरी थांबणार, हे मलाही कळतं. म्हणून मी माझी ओ जरा उशिराच देते. आधी ओसरीवरची येऊ देते.