पळून जाणार नाही, हीच भीती

निकाल बाजूने लागो की विरुद्ध, मॅडमच्या चेहऱ्यावरची रेघ हलायची नाही. त्या सरकारी वकील होत्या आणि मुलांवरच्या अत्याचाराचे खटले चालवायच्या. बाकीची वकील मंडळी त्यांना मागून 'फ्रीज' म्हणत. हे कानावर आलं तेव्हा त्या एवढंच म्हणाल्या, "बरं आहे. नासत तरी नाही काही."

मी कर्णबधिर मुलांना शिकवते. आमच्या शाळेतल्या एका पंधरा वर्षांच्या मुलीमुळे माझी त्यांच्याशी गाठ पडली. मुलीचं नाव लिहीत नाही. बिबवेवाडीत तिच्या घराच्या वरच्या मजल्यावर राहणाऱ्या माणसाने तिच्यावर अत्याचार केला होता. तो तुरुंगात होता आणि त्याने जामीन मागितला होता. मुलीच्या खुणांची भाषा कोर्टाला बोलून सांगायला मला बोलावलं होतं.

जामिनाचा अर्ज आला की मॅडम मुलीचं घर स्वतः पाहून येत. "कागदावर जिना दिसत नाही हो," म्हणायच्या. आम्ही त्या इमारतीचा जिना चढत होतो. मुलगी पुढे होती आणि प्रत्येक वळणावर थांबून मागे बघत होती.

"ही सारखी मागे का बघते?" मॅडमनी विचारलं.

"पाठीमागून कोणी आलं तर तिला पावलं ऐकू येत नाहीत," मी म्हटलं. "खांद्यावर हात पडला की मगच कळतं."

वर जाऊन मॅडमनी त्या माणसाचं बंद दार पाहिलं, तिच्या आईने दिलेला चहा घेतला आणि निघाल्या.

सुनावणीत आरोपीचे वकील म्हणाले, "स्वतःचं घर आहे, बायको-मुलं आहेत, दुकान आहे. हा माणूस पळून कुठे जाणार?"

मॅडम उठल्या. आवाज नेहमीसारखाच, भाजी निवडताना बोलावं तसा. "तो पळून जाणार नाही, हीच आमची भीती आहे, साहेब. तो त्याच जिन्यावर राहणार आहे. आणि या मुलीला पावलं ऐकू येत नाहीत."

त्या वेळी जामीन फेटाळला गेला. बाहेर आल्यावर मुलीच्या आईने त्यांचा हात धरला, तर म्हणाल्या, "आज नाही मिळाला, एवढंच. तो परत मागेल."

आणि त्याने मागितलाच. वर्ष उलटलं तरी खटला उभा राहिला नव्हता. खटल्याशिवाय माणसाला किती दिवस आत ठेवायचं, असं म्हणून कोर्टाने या खेपेला जामीन दिला. मुलीची साक्ष होईपर्यंत त्याने बिबवेवाडीत पाऊल ठेवायचं नाही, अशी अट मॅडमनी मागून घेतली.

"म्हणजे सुटला तो?" आईने विचारलं.

"बाहेर आलाय. सुटलेला नाही."

हे मी मुलीला सांगायचं होतं. माझ्या हातांना त्या दोन शब्दांत फरक करता येईना. मी दार उघडल्याची खूण केली, मग दोरी बांधल्याची. तिने माझ्याकडे बघितलं आणि हातांनी विचारलं, 'जजसाहेबांना मी खोटी वाटले?'

मी मॅडमना सांगितलं. त्या तिच्यासमोर जाऊन बसल्या. "सांगा तिला, कोण खरं ते आज कोणी ठरवलंच नाही. ते अजून व्हायचंय."

मी सांगितलं. तिने हात मांडीवर ठेवले. दिवसभर ते तिथेच होते.

गणपतीत तो इमारतीत आला. आरतीला आलो होतो, म्हणाला. मुलीने त्याला जिन्यात पाहिलं आणि घरात जाऊन कपाटामागे बसली. तिथून तिला बाहेर काढायला आईला फार वेळ लागला. मॅडमनी लगेच जामीन रद्द करायचा अर्ज केला. शेजारचं कोणी सांगायला पुढे येईना. शेवटी खालच्या मजल्यावरच्या एक काकू आल्या आणि म्हणाल्या, "मी पाहिलं. आरती संपली तरी हा जिन्यातच उभा होता." जामीन रद्द झाला. मुलीची साक्ष झाली तेव्हा तो आत होता. पुढे त्याला शिक्षा झाली.

त्या दिवशी कोर्टाच्या कँटीनमध्ये मॅडम माझ्यासमोर बसल्या होत्या. "पोरीला कळवा," म्हणाल्या.

"तुम्हीच सांगा ना. तिला किती बरं वाटेल."

"नको. मी समोर आले की तिला कोर्ट आठवणार. आता मी तिच्या आयुष्यातून गेलेलं बरं." त्यांनी उरलेला चहा संपवला, कोट हातावर टाकला आणि पुढच्या खटल्याच्या पुकाऱ्याला गेल्या. त्यानंतर त्या मुलीला कधी भेटल्या नाहीत.

गेल्या वर्षी मॅडम वारल्या. मला महिन्याभराने कळलं. काहीतरी वाटायला हवं होतं, पण मी वर्गात गेले आणि शिकवायला लागले.

परवा ती मुलगी भेटली. हिंजवडीला एका कंपनीत कामाला आहे आता. कंपनीच्या बसला गर्दी फार असते, साहेब खडूस आहे, केस कापावेत की वाढवावेत, असं ती हातांनी भराभर सांगत होती. तिचं बोलणं थांबण्याची मी वाट पाहत होते, मॅडम गेल्याचं सांगायला. ती थांबली नाही. मग बस आली, आणि हात हलवून ती चढली.