नाक्यावरचं बाशिंग

माझ्या पोराची लग्नं किती झाली हे मला मोजून सांगता येणार नाही. पोरगा अजून बिनलग्नाचा आहे, एवढं मात्र नक्की.

हसू नका. आधी धंद्याचं ऐका. सोनाक्का ट्रॅव्हल्स, शिवाजी पेठ, कोल्हापूर. सोनाक्का म्हणजे माझी आई. चौथीत गुरुजींनी पाठीवर छडी मोडली म्हणून मी शाळा मोडली, आणि पुढं आईच्या पाटल्या मोडून पहिली गाडी घेतली. ती पेठ वडगावच्या फेऱ्यांना पळू लागली. तिच्या जिवावर दुसरी आली, ती सीमेपलीकडं निपाणी-संकेश्वरला. काचेवर आईचं नाव वर मराठीत, खाली कानडीत. आईला दोन्ही वाचता येत नव्हतं, म्हणून सीमाप्रश्न आमच्या घरात आलाच नाही!

आला तो परमिटचा प्रश्न. आमचं परमिट एका पार्टीला अख्खी गाडी देण्याचं. लग्न, बारसं, सहल, काय असंल ते. वाटेत कुणी हात केला तर थांबायचं नाही. आता मला सांगा, भर उन्हात म्हातारी हात करते आणि मी गाडी दामटायची? (ती तिकीट काढते, हा भाग वेगळा.) बायको, शेवंता, रोज कान खायची, "अहो, रीतसर काय असंल ते करा की एकदा."

"रीत मला शिकवू नगंस. दोन गाड्यांचा मालक हाय मी!"

आणि मी तोड काढली. ड्रायव्हरच्या सीटखाली एक पत्र्याची पेटी. तीत पिवळा फेटा आणि एक बाशिंग. सीमेवरचा परमिट तपासायचा नाका दिसला की आमचा ड्रायव्हर दस्तगीर हाळी द्यायचा, "चला, लगीन लागलं!" की गाडीतले पॅसेंजर झटक्यात वऱ्हाडी. तपकीर ओढणारे एक पेन्शनर कायम मुलाचे मामा. संकेश्वरच्या बाजारला जाणाऱ्या भाजीवाल्या करवल्या. त्यातली एक तर न सांगता डोळे पुसायची! मी म्हटलं, "मावशे, रडतीस कशाला? आपण मुलाकडचं." ती म्हणाली, "ऱ्हाऊ द्या की. सवय हाय."

फक्त नवरा व्हायला कुणी तयार होईना. तरणी पोरं लाजायची. मग माझा महेश होता की! माझा एकुलता एक पोरगा, गाडीवर कंडक्टर. तिकिटं फाडून झाली की बाशिंग बांधायचा आणि पहिल्या सीटवर मान खाली घालून बसायचा. "आबा, बास की आता," म्हणायचा. मी म्हणायचो, "गप बस. नवरदेव बोलत न्हाई." नाक्यावरचे साहेब आत डोकावायचे, हसायचे, गाडी सोडायचे. एकदा तर त्यांनी महेशच्या हातात नारळ ठेवला! त्याची बर्फी शेवंतानं केली. मी खाल्ली. गोड लागली.

मग खरं लग्न ठरलं. संकेश्वरचे शिवलिंगाप्पा, गुळाचे व्यापारी, सरळ माणूस. त्यांची पोरगी महेशला आवडली, महेश तिला आवडला. पहिल्यांदाच मी पोराला आरशासमोर शीळ घालताना बघितलं.

शेवंता म्हणाली, "वऱ्हाडाला दुसऱ्याची गाडी सांगा. ती आपली गाडी त्या नाक्यावरनं नको."

"सोनाक्काचा नातू भाड्याच्या गाडीतनं जाणार? पेठ तोंडात शेण घालंल माझ्या!"

"आबा," महेश म्हणाला, "मी पुढं मोटारीनं जातो."

"नवरदेव बोलत न्हाई," मी म्हणालो.

झालं. आमची संकेश्वरची गाडी, झेंडूच्या माळा, कर्ण्यावर सनई, आत खरेखुरे भाऊबंद. कागल मागं पडल्यावर शेवंतानं कपाळाला हात लावला. नवं बाशिंग घरी देवाऱ्यातच राहिलं होतं! आता माघारी जावं तर मुहूर्त चुकतोय. दस्तगीर आरशातनं म्हणाला, "मालक, एक हाय की आपल्याकडं." सीटखालची पेटी उघडली. डावीकडची मोत्याची सर तुटलेली, मधला आरसा तडकलेला. महेशनं ते बांधलं आणि सवयीनं मान खाली घातली. शेवंता खिडकीबाहेर बघत राहिली.

नाक्यावर शिवलिंगाप्पा स्वतः उभे! वऱ्हाडाला सामोरं यायची त्यांची हौस. सोबत हलगी, पानसुपारी, चार भाऊ. आणि त्यांच्या शेजारी साहेब. तेच, नारळवाले.

साहेबांनी काचेतनं आधी बाशिंग ओळखलं, मग त्याच्या खालचं तोंड.

"अय्यय्यो! नवरदेव!" त्यांनी कमरेवर हात ठेवले. "येष्टु मदुवे री? किती लग्नं करताय हो तुम्ही?"

हलगी थांबली.

मी खाली उतरलो. "साहेब, आजचं खरं हाय."

"बरं. म्हणजे आधीची खोटी?"

खोटी म्हणावं, तर इतक्या वर्षांचा गुन्हा एका शब्दात कबूल आणि गाडी जमा. खरी म्हणावं, तर व्याही शेजारीच उभे!

शिवलिंगाप्पांनी माझ्याकडं बघितलं. "पावणं, साहेब काय विचारायलेत?"

शेवंता खिडकीतनं ओरडली, "खोटं हाय सगळं! पॅसेंजर भरायसाठी पोराला नवरा करत्यात हे! बोला की, तोंडात काय विडा हाय का?"

"बाई सांगतात ते बरोबर असंल," शिवलिंगाप्पा म्हणाले. माणूस अजूनही मला वाट देत होता. "पण तुमच्या तोंडानं सांगा. खोटं होतं म्हणा, मी आत्ता हलगी वाजवायला सांगतो."

मी महेशकडं बघितलं. तो बाशिंगाच्या सरींमधनं माझ्याकडं बघत होता. मग काचेवरचं आईचं नाव बघितलं. मराठीत, कानडीत. ही गाडी जमा? पेठेत कुणाकुणाला तोंड दाखवू? आणि मी, सोनाक्काचा लेक, भर रस्त्यात माझ्याच भाऊबंदांपुढं म्हणू, की मी लबाड?

छाती पुढं काढली आणि म्हणालो, "सगळी खरी!"

साहेबांना हसू आवरंना. "सगळी खरी? मग माझं काय म्हणणं नाही. जावा."

गाडी सुटली. लग्न राहिलं.

शिवलिंगाप्पा आवाज न चढवता म्हणाले, "एक तर पोरगा लग्न झालेला, न्हाईतर बाप लबाड. दोन्हींतल्या कुठल्याच घरात माझी लेक नांदायची न्हाई." पानसुपारीचं ताट त्यांनी झाकलं आणि आपल्या मोटारीत बसले.

महेश खाली उतरला. बाशिंग सोडून माझ्या हातात दिलं. "घ्या आबा, पेटीत ठेवा. उद्या लागंल." आणि निपाणीच्या दिशेनं चालू लागला. आता बेळगावात दुसऱ्याच्या गाडीवर आहे. परमिट रीतसर आहे म्हणे. मला फोन करत नाही.

(येताना कागलजवळ कुणीतरी हात केला. दस्तगीरनं सवयीनं गाडी थांबवली, आणि मी सवयीनं विचारलं, "कोल्हापूर?" तेव्हापासून शेवंतानं माझ्याशी बोलणं सोडलं.)

एवढ्यावर शहाणा माणूस थांबला असता. मी थांबलो नाही. माझी गाडी, माझी रीत! परवा संकेश्वरला निघालो. शेवंताही होती, माझ्यापासून चार सीटा मागं. महेशला भेटायला पुढं बेळगावला निघाली होती. नाका आला. दस्तगीर म्हणाला, "मालक, नवरा कोण?" गाडीत सगळी म्हातारी! मग त्यानं फेटा माझ्याच डोक्यावर ठेवला आणि बाशिंग करकचून बांधलं.

साहेब आत आले. माझ्याकडं बघून त्यांनी डोळे चोळले. "हे नवरदेव?"

"व्हय," मी म्हणालो.

"मग नवरीकडची कोण आहेत?"

मागनं आवाज आला, "ह्या माणसाला आता कोण पोरगी देतंय, साहेब? एकदा माझ्या बापानं दिली, त्यो मरंस्तोवर पस्तावला!"

अख्खी गाडी हसली. मामा हसले, करवल्या हसल्या. साहेब पोट धरून हसले. आणि हसून झाल्यावर त्यांनी कागद मागितले.

जिच्यासाठी पोराचं लग्न मोडलं ती गाडी आता जमा होऊन नाक्यामागं उभी आहे. आईच्या नावावर धूळ बसली आहे, दोन्ही भाषांत.

रस्त्यावर मी बाशिंगाची गाठ सोडू लागलो. सुटंना. शेवंताला म्हणालो, "सोड की गं एवढी."

इतक्या दिवसांनी ती पहिल्यांदा बोलली. "ऱ्हाऊ दे तसंच. एवढी लग्नं लावलीसा, एक वरात तरी निघू दे!" आणि बेळगावच्या गाडीत बसून निघून गेली.

मी कोल्हापूरची एसटी धरली. कंडक्टर पोरगा माझ्या कपाळाकडं बघत बसला. "आजोबा, कुठलं वऱ्हाड म्हणायचं हे?"

जन्मात पहिल्यांदा मी खरं बोललो. "वऱ्हाड न्हाई, बाबा. साधा पॅसेंजर हाय."

त्याला काही ते पटलं नाही.