जामाच्या घोसांची फडकी

आम्ही दोघा नवरा-बायकोनं मिळून केलेलं शेवटचं काम म्हणजे विहिरीजवळच्या जामाला फडकी बांधली. पांढरा जाम. त्याच्या फुलांचे तंतू गळले की विहिरीच्या कट्ट्यावर सडा पडायचा, आणि ती झाडता झाडता झाडालाच शिव्या द्यायची. फळ धरलं की वटवाघळं यायची. म्हणून जाम हिरवे असतानाच एकेक घोस जुन्या लुगड्याच्या फडक्यात गुंडाळायचा आणि केळीच्या ओल्या सोपटानं बांधायचा. आमच्या गास गावाच्या बाजूला सगळे असंच करायचे. रहाट जाऊन विहिरींवर इंजिनं आली तरी हे काम हातानंच.

शिडीवर ती, खाली मी. माझी गाठ कोयत्याशिवाय सुटत नाही, म्हणून मला वर चढू देत नसे.

"ओ, शिडी धरलीय की झोपलात?"

"धरलीय. उतर आता, काळोख पडला."

"शेंड्याचे घोस राहिले. फडकी सरली."

"राहू दे. वटवाघळांना पन पोट आहे."

"पोट माझ्या लेकीला पन आहे. सातवा लागलाय. जाम पायजे म्हणून जावयाचं डोकं खाल्लंय तिनं. शेंड्याचेच गोड असतात. उद्या हे अंगावरचं फाडते."

"मग नेसशील काय?"

"तुमचं धोतर."

हसत उतरली. पडवीत बसली, पाणी मागितलं. मी तांब्या घेऊन येईपर्यंत मान टाकली होती. बस, एवढंच. आजार नाही, काही नाही.

बायकांनी अंगावरचं लुगडं काढून नवं हिरवं नेसवलं. कपाळभर कुंकू लावलं. "अहेव गेली, भाग्याची," म्हणाल्या. कसलं भाग्य? तिला विचारलं होतं कुणी? गोखिवऱ्याहून लेक आली. रात्रीच आईला नेलं तरी दाराच्या चौकटीला टेकून तशीच बसली. रडली नाही, पाण्याला शिवली नाही.

सकाळी उठून मी जामाखाली गेलो. अर्धे कुरतडलेले जाम मातीत पडले होते. शेंड्याला मात्र अजून थोडे घोस होते.

तिचं कालचं लुगडं मागच्या दारी टाकलं होतं, खाडीत सोडायला. ते मी उचललं आणि काठाकडून टरकन फाडलं.

आवाज ऐकून थोरली वहिनी धावत आली. "भावजी, सुतकात झाडाला हात लावतात काय? आणि त्या लुगड्यातलं फळ पोटुशा पोरीला देणार?"

"झाडाला सुतक नाय, वहिनी. वटवाघळांना पन नाय."

"लोक काय म्हणतील?"

"म्हणू दे. हे फाडायचं तिनंच काल ठरवलंय."

मी शिडी लावली. वर चढलो, तर शिडी हलायची थांबली. खाली बघितलं. लेक उठून आली होती. पोट सांभाळत, दोन्ही हातांनी तिनं शिडी धरली होती.

"बाबा, हळू," म्हणाली. आल्यापासूनचा तिचा पहिला शब्द.

मी बांधत गेलो. सोपटं वाळली होती, सारखी तुटत होती. तिच्या आईसारखी एका ओढीत सुटणारी गाठ मारून बघितली, जमली नाही. मग माझ्याच मारल्या, कोयत्यानं कापाव्या लागतील अशा. शेंड्याचा एकही घोस उघडा ठेवला नाही.