चेहऱ्याच्या शस्त्रक्रियेतील न सांगितलेल्या खर्चाबाबत

फिर्यादी : पुरुष, वय पंचेचाळीसच्या पुढे, धंदा किराणा दुकान, राहणार पाटोदा, जिल्हा बीड.
आरोपी : अविवाहित बाई, वय चाळिशीच्या आत, धंदा शिवणकाम, राहणार फिर्यादीच्याच घरी.
साक्षीदार : पहिला, पाटोद्यातील एक सराफ. दुसरी, आमच्या ठाण्यातील महिला पोलीस शिपाई. तिसरे, पुण्यातील एका खासगी रुग्णालयातील डॉक्टर.
घटनेचा काळ : ज्वारीची काढणी चालू होती. नेमकी तारीख व नावे माझ्या स्मरणात आहेत. परंतु संबंधित सर्व जण हयात असल्याने ती येथे देत नाही.
तपासी अंमलदार : प्रस्तुत लेखक, त्या वेळी सहायक पोलीस उपनिरीक्षक, हल्ली स्वेच्छानिवृत्त.

वरील प्रकरण मी आजतागायत विसरू शकलेलो नाही. नोकरीत मी खून पाहिले, दरोडे पाहिले, विहिरीतून प्रेते वर काढली. ती प्रकरणे निकालाबरोबर माझ्यापुरती संपली. हे साध्या घरगुती चोरीचे प्रकरण मात्र संपलेले नाही. माझे शिक्षण दहावीवर थांबले. तथापि ठाण्यातील बहुतेक फिर्यादी, पंचनामे व जबाब माझ्याच अक्षरात लिहिले जात, आणि निवृत्तीनंतर तहसील कचेरीसमोर टेबल टाकून अर्जलेखनाचे काम मी करतो. कागदावरील एका शब्दाने माणसाचे काय होते, हे मला पदवीधरांपेक्षा अधिक माहीत आहे, असे मी जबाबदारीने म्हणतो.

सकाळची हजेरी आटोपली होती व मी ठाणे अंमलदाराच्या खुर्चीवर होतो. फिर्यादी आला, पाणी प्यायला आणि म्हणाला की घरातली बाई सोने घेऊन पळून गेली, महिनाभर वाट पाहिली. बोरमाळ, दोन पाटल्या आणि कानांतली फुले. मी फिर्याद लिहावयास घेतली.

"बाई तुमची कोण लागते?"

"लांबच्या नात्यातली हाय साहेब. तिला कुणी न्हाई. आमीच सांभाळली."

"ओळखीची खूण?"

"खूण काय न्हाई. चार बायांसारखी बाई."

त्याने दिलेला फोटो कोणत्या तरी लग्नातला, कात्रीने कापून वेगळा केलेला होता. त्यात बाई पूर्ण बाजूला वळून उभी होती. नाक, एक डोळा व एक गाल एवढेच दिसत होते. समोरून काढलेला फोटो मागितला, तर म्हणाला, "तिला फोटोची आवड न्हाई."

येथे एक अनुभव नमूद करतो. घरचे माणूस हरवले म्हणजे लोक खुणा सांगताना थांबत नाहीत. दात पुढे आहे, कानामागे तीळ आहे, चालताना डावा पाय ओढतो, असे सांगत राहतात. या गृहस्थाने मात्र प्रश्न पुरा होण्याआधीच खूण नसल्याचे सांगितले. मी ते जसेच्या तसे लिहिले, वाचून दाखवले व सही घेतली.

दागिन्यांचे वर्णन तालुक्यातील सराफांना कळवणे हा आमचा नित्याचा भाग. त्याप्रमाणे कळवले. दुसऱ्या दिवशी एक सराफ आपणहून ठाण्यात आले. वयस्कर गृहस्थ, कपाळावर भस्माचे तीन पट्टे. खुर्चीवर बसले, पण चहा घेतला नाही.

"ती बोरमाळ माझ्याकडं मोडलीय," ते म्हणाले. "पाटल्या बी. पण चोरीचं सोनं म्हणून मला धरू नका. मीच घडवलेलं हाय ते."

"कोणासाठी?"

"तिच्याचसाठी. आमच्या घरचे ब्लाउज तीच शिवती. शिलाईचे पैसे साठले की एक मणी, पुन्हा साठले की एक मणी. लई वर्षं लागली त्या माळंला. मोडताना माझ्याच जिवावर आलं."

"तोंड पाहिले होते का?"

"स्कार्फ होता. पण तिला तोंडावरनं कशाला ओळखायचं? अर्धं तोंड भाजलेलं, लहानपणी स्टोव्हचा भडका झालेला. आख्ख्या गल्लीला ठाऊक हाय. म्हणली, काका, पुण्याला जाऊन तोंड नीट करून घेती."

मी फोटो पुन्हा हातात घेतला. ज्या बाईचा अर्धा चेहरा भाजलेला आहे, तिला ओळखीची खूण नाही असे फिर्यादीने सांगितले होते. सोने तिचे असेल तर चोरी होत नाही, हे उघड होते. परंतु तिचा जबाब झाल्याशिवाय काही ठरवता येत नव्हते. मोबाइलचे लोकेशन पुण्यातील एका खासगी रुग्णालयाजवळ मिळाले. वरिष्ठांची परवानगी घेऊन, सोबत महिला शिपाई घेऊन मी निघालो. या शिपाई बाई चकलांब्याच्या, शेतकरी घरातल्या, आणि तोंडाने फटकळ.

वाटेत त्या म्हणाल्या, "साहेब, दवाखाना तसलाच हाय तर तुमी बी काहीतरी करून घ्या की. नुसत्या मिशा काळ्या करून किती दिवस भागवणार?"

"माझ्याकडे पाहणारे घरी कोणी नाही," मी म्हणालो. माझी पत्नी त्याच्या आदल्या वर्षी वारली होती. बाईंनी पिशवीतल्या शेंगा माझ्यापुढे केल्या.

रुग्णालयातील खोलीत तीन खाटा होत्या. दोन खाटांभोवती माणसे, डबे, थर्मास. तिसऱ्या खाटेवर ही बाई एकटी बसली होती. भाजलेल्या गालाखाली, जबड्यापासून मानेपर्यंत, मोठी फुगीर गाठ होती. महिला शिपाईच्या तोंडून "अगं बाई" निघाले आणि त्यांनी लगेच पदर लावल्यासारखा रुमाल तोंडाला लावला.

डॉक्टरांनी मला बाजूला घेऊन समजावले. मानेच्या चांगल्या कातडीखाली रबराची पिशवी बसवतात. तीत अधूनमधून सुईने खारे पाणी भरतात. कातडी हळूहळू ताणून वाढते. पुरेशी वाढली की दुसरी शस्त्रक्रिया करून पिशवी काढतात, आणि ती वाढलेली कातडी भाजलेल्या जागेवर ओढून घेतात. तोपर्यंत माणूस पूर्वीपेक्षा वाईट दिसतो. "आत्ता तुम्ही यांना घेऊन गेलात तर पिशवी काढून टाकावी लागेल. सगळं वाया जाईल," डॉक्टर म्हणाले.

म्हणजे त्या बाईचा चेहरा माझ्या अहवालावर अवलंबून होता. अटक दाखवली असती तर तो तसाच अर्धवट राहिला असता.

मी जबाब सुरू केला. अंबाजोगाईच्या सरकारी दवाखान्यात का गेली नाही, असे प्रथम विचारले.

"तिथं समदी आपल्याकडची माणसं. कोण ना कोण भेटणार, कशाला आलीस म्हणून इचारणार. इथं कुणी वळखीत न्हाई."

खर्चाबद्दल विचारले, तेव्हा तिने नाराजी न दाखवता सांगितले. फोनवर तिला फक्त शस्त्रक्रियेची फी कळली होती. भूल देणाऱ्या डॉक्टरांचे वेगळे, खाटेचे वेगळे, प्रत्येक वेळी पाणी भरण्याचे वेगळे, मधल्या काळात राहण्याच्या खोलीचे भाडे, मलम, नंतर बांधायचा पट्टा, हे सर्व तिला येथे आल्यावर एकेक करून समजले. सरकारी आरोग्य योजनेचे कार्ड तिने पुढे केले, तर कागदोपत्री ही शस्त्रक्रिया दिसण्यासाठीची ठरली होती, म्हणून योजनेत बसत नव्हती.

"आन् दुसऱ्या आपरेशनला सोबत माणूस पायजे म्हणत्यात. माणूस न्हाई तर रोजानं मावशी लावा म्हणत्यात. आता कशातून लावू?"

नियमाप्रमाणे तिच्याविरुद्धची फिर्याद तिला वाचून दाखवणे मला आवश्यक वाटले. मी वाचली. वाचून झाल्यावर ती म्हणाली, "पुन्हा एकदा वाचा."

मी पुन्हा वाचली. 'सदर बाई ही माझ्या लांबच्या नात्यातील असून तिला कोणी नसल्याने मी तिचा सांभाळ करीत आहे,' या वाक्यावर तिने हात वर केला.

"हे त्यानं सांगितलं, का तुमी आपल्या मनानं लिवलं?"

"अक्षर माझे आहे. शब्द फिर्यादीचे आहेत."

"सख्खा भाऊ हाय माझा," ती म्हणाली. "एका ताटात जेवलोत आमी."

ती रडली नाही. नंतर डॉक्टर म्हणाले की ताणलेल्या कातडीमुळे रडणेही दुखते. महिला शिपाई तिच्या खाटेवर बसल्या आणि तिचा हात धरून बसून राहिल्या. एरवी मी त्यांना तसे बसू दिले नसते.

पुढचा जबाब असा : भाचीला, म्हणजे भावाच्या मुलीला, पाहायला पाहुणे आले की हिने मागच्या खोलीत बसायचे, आवाज करायचा नाही, असे घरात ठरलेले होते. भाचीचे लग्न जमले. "लग्नात तरी पुढं बसावं वाटलं. तिला मी न्हाऊ घातलंय, साहेब. घरी सांगितलं असतं तर जाऊ दिलं नसतं. म्हणून न सांगता आले."

पाटोद्यास परतल्यावर फिर्यादीस चौकशीसाठी बोलावले. त्यास मी दरडावले नाही. बहिणीचा जबाब समोर ठेवला व गप्प राहिलो. माणूस खोटे बोलला असेल तर शांतता त्याला सहन होत नाही, हे मी अनेकदा पाहिले आहे.

"सख्खी हाय," शेवटी तो म्हणाला. "पण साहेब, पाहुण्यांना आमी सांगितलं, मला बहीण न्हाई म्हणून. पहिलं स्थळ तिला बघून मोडलतं. लोक म्हणतात, भाजलेलं हाय का अंगातला काही रोग हाय, कुणास ठाऊक. पोरगी घरात बसली असती. आता बहीण हाय म्हणून कुठल्या तोंडानं सांगू?"

"आणि चोरीची फिर्याद?"

"सोनं पोरीला घालायचं ठरलं होतं. आत्यानं घातलं, असं आमी घरात धरून चाललो होतो."

"तिला विचारले होते?"

त्याने जबाबाचा कागद माझ्याकडे सरकवला. तो दुष्ट माणूस नव्हता, हेही मला नमूद केले पाहिजे. भाजलेल्या बहिणीस आईवडिलांमागे त्यानेच वाढवले होते. मी त्यास सांगितले की दुसऱ्या शस्त्रक्रियेस बहिणीजवळ एक माणूस लागतो, त्याने जावे. तो म्हणाला, "लग्न होऊन जाऊ द्या, मग बघू." गैरसमजुतीतून फिर्याद दिली, माझी आता काही तक्रार नाही, एवढा पुरवणी जबाब त्याने दिला. त्यात 'माझी सख्खी बहीण' हे शब्द घालू का, असे मी विचारले. तो म्हणाला, "ते राहू द्या."

पोलिसाला कायद्याने पुष्कळ अधिकार आहेत. समन्स बजावून मी माणसाला कोर्टात उभे करू शकत होतो. खाटेजवळ बसण्यासाठी मात्र कोणालाही आणू शकत नव्हतो. मी स्वतः नातेवाईक म्हणून सही करणे तर सर्वस्वी गैर ठरले असते. मी तपासी अंमलदार होतो.

तेव्हा मी वरिष्ठांकडे अर्ज केला. दागिन्यांच्या मालकीबाबत सदर बाईचा पुरवणी जबाब घेणे तपासकामी आवश्यक असल्याचे त्यात लिहिले, व त्यासाठी शस्त्रक्रियेचाच दिवस ठरवून घेतला. महिला शिपाई बंदोबस्तावर होत्या. मी एकटा गेलो. नर्सने सोबतच्या माणसाचे नाव विचारले, तेव्हा मी माझे नाव व हुद्दा सांगून 'तपासकामी हजर' असे लिहिण्यास सांगितले. तिने माझ्या गणवेशाकडे पाहिले आणि तसेच लिहिले.

बाईला आत नेले व बऱ्याच वेळाने बाहेर आणले. चेहरा पूर्ण पट्ट्यांत होता. मी डॉक्टरांना रीतसर लेखी विचारले की रुग्ण जबाब देण्याच्या स्थितीत आहे काय. त्यांनी 'नाही' असा शेरा दिला. शेरा 'नाही' असेल तोवर अंमलदाराने रुग्णाजवळ थांबून वाट पाहणे नियमास धरून आहे. मी खाटेजवळच्या स्टुलावर बसलो. शेजारच्या खाटेवरील म्हातारीने मला भाकरी व ठेचा दिला आणि विचारले, "भाऊ काय तिचे?" मी म्हणालो, "पोलीस आहे." तिने भाकरी मात्र परत मागितली नाही. दुपारी पुन्हा शेरा मागितला. पुन्हा 'नाही'. मला त्याचे वाईट वाटले नाही. घरी जाऊन तरी मी खानावळीचा डबाच उघडणार होतो.

संध्याकाळच्या सुमारास तिने बोटे हलवली.

"कोण हाय?"

"पाटोदा पोलीस ठाणे."

"दादा न्हाई आला?"

"नाही."

"मग तुमी बसा थोडं," ती म्हणाली.

डॉक्टर आले व त्यांनी 'आहे' असा शेरा दिला. मी दोन ओळींचा जबाब घेतला. सोने माझे आहे, माझी कोणाविरुद्ध तक्रार नाही. मग बसस्थानकाकडे निघालो, कारण आता थांबण्यास कारण उरले नव्हते.

गैरसमजुतीची फिर्याद म्हणून आम्ही 'क' समरीचा, म्हणजे प्रकरण बंद करण्याचा, अहवाल कोर्टात पाठवला व तो मंजूर झाला. भाचीचे लग्न झाले. पत्रिका मला आली होती, मी गेलो नाही. फिर्यादीच्या बहिणीला पत्रिका नव्हती. ती पुण्याकडेच शिवणकाम करते, असे महिला शिपाईंकडून कळले. चेहरा चांगला बसला आहे. जवळून पाहिले तरच गालावर एक रेषा दिसते म्हणे.

सबब, जे कोणी चेहऱ्याची शस्त्रक्रिया करू इच्छितात, त्यांनी केवळ फी विचारून थांबू नये. भूल, खाट, औषधे, पुढील शस्त्रक्रिया, मधल्या काळातील मुक्काम, हे सर्व लेखी मागावे. त्याच वेळी घरातही विचारावे की त्या दिवशी जवळ कोण बसणार, आणि नव्या चेहऱ्याने परत आल्यावर दार कोण उघडणार. हा खर्च कोणत्याही रुग्णालयाच्या कागदावर येत नाही.

तसेच वरील फिर्यादी यांस विनंती करण्यात येते की, आपल्या मुलीचे लग्न होऊन आता तिला मूलही झाले आहे. आपण बाजाराच्या दिवशी माझ्या टेबलासमोरून जाता व मान वळवता. आपल्या फिर्यादीतील नात्याचा मजकूर चुकीचा होता, असे आपणांस कधी लिहावेसे वाटल्यास तो अर्ज मी विनामूल्य लिहून देईन. त्यास वकील लागणार नाही. तो अर्ज ठाण्यात देण्याची आवश्यकता नाही. तो आपण पुण्यास जाऊन तिला समक्ष द्यावा, ही नम्र विनंती.