चार इंच मुरूम

मी गोलकीपर झालो ते उंचीमुळे नाही. धावता येत नव्हतं म्हणून. नांदेडच्या जिल्हा फुटबॉल संघात चौदा वर्षं गोलमध्ये उभा राहिलो. माझ्यावर झालेला प्रत्येक गोल वहीत लिहिलेला आहे : एकूण एकशे सदतीस. पुढे प्रशिक्षक झालो, कारण आधीच्यांची बदली झाली. जिल्हा संघटनेचा सचिव झालो, कारण निवडीच्या बैठकीला मी गैरहजर होतो.

वहीतला माझा सगळ्यात लाडका आकडा म्हणजे लातूरविरुद्ध आमच्याच मैदानावर झालेल्या फायनलमधला शून्य. शेवटच्या मिनिटाला त्यांच्या स्ट्रायकरचा फटका आडव्या बारच्या खालच्या कडेला लागून परत आला आणि आम्ही एक-शून्य जिंकलो. तो स्ट्रायकर आता लातूरच्या संघटनेचा सचिव आहे. गेली एकोणीस वर्षं भेटला की पहिलं वाक्य तेच : "त्यो गोल होता बे." मी म्हणतो, "बारला लागला." लग्नात झालं, बैठकीत झालं, एकदा तेराव्याच्या पंगतीतही झालं.

यंदा नांदेड-लातूर मुलींचा सामना आमच्या मैदानावर ठरला. मैदान मापात असल्याचं सचिवानं आठवडाभर आधी सहीनिशी कळवायचं. नसेल तर सामना लातूरला. आमच्या मुली घरच्या मैदानावर एवढा मोठा सामना कधीच खेळल्या नव्हत्या. आधी सही आणि नंतर माप, ही माझी पद्धत नाही. मुदतीच्या शेवटच्या दिवशी सकाळी टेप घेऊन गेलो. गोलची रुंदी चोवीस फूट, बरोबर. उंची आठ फूट हवी, भरली सात फूट आठ इंच. तीनदा मोजली. मग टेप बदलून चौथ्यांदा.

मैदान सांभाळणारे चाचा उकिडवे बसून बघत होते.

"चाचा, बार खाली कसा आला?"

"बार कहाँ आया साब, जमीन उपर आई. मुरूम तो आपिच डलवाते थे ना, हर साल."

खरं होतं. गोलकीपर जिथं उड्या मारतो तिथं खड्डा पडतो. म्हणून दर पावसाळ्याआधी भांडून मी दोन्ही गोलांपुढे मुरूम टाकून घ्यायचो. खेळत होतो तेव्हाही, प्रशिक्षक असतानाही, सचिव झाल्यावरही. अठ्ठावीस वर्षांत चार इंच. फायनलपर्यंत सव्वा इंच तरी भरला असणार. बार तेवढा वर असता तर तो फटका घासून का होईना, आत गेला असता.

घरी सांगितलं. बायको म्हणाली, "भाजीवालीचा काटा दोनदा तपासता, आन् सोताचा गोल अठ्ठावीस वर्षांत एकदाबी मोजला न्हाई?"

मुरूम काढायला दोन दिवस लागणार होते आणि पत्र आजच जायला हवं होतं. मी आहे ते लिहिलं : आज सात फूट आठ इंच, शुक्रवारी आठ फूट होईल. मग लातूरच्या सचिवाला फोन केला. फायनलचा सव्वा इंचही सांगितला.



"एकोणीस वर्षं बे," तो म्हणाला.

"हाव."

"सामना लातूरला नेऊ का?"

"नियमानं नेऊ शकतोस."

"न्हाई. नांदेडलाच खेळू. शुक्रवारी येतो. टेप माझा, अन् वही आण तुझी."

शुक्रवारी आला. दोन्ही गोल मोजले. आठ फूट. माझ्या पत्राखाली त्यानं सही केली आणि वहीकडे बोट दाखवलं. मी शून्य खोडून एक लिहिला, बेरीज एकशे अडतीस केली.

तेवढ्यावर तो थांबला नाही. बूट बांधले, चेंडू ठेवला. "उभा ऱ्हा."

मी उभा राहिलो. त्यानं सगळं पोट लावून फटका मारला. चेंडू बारच्या दोन हात वरून गेला, भिंतीपलीकडे. चाचा हसत उठून चेंडू आणायला निघाले.

"हा पण गोल का?" मी विचारलं.

"अजून मुरूम काढा," तो म्हणाला. "बार अजून खालीच हाय."