यारीचा दांडा

नाथाजी लोहार लढाईवरून परतला तो फौजेच्या वर्कशॉपातलं लोखंडाचं जोडकाम शिकूनच. कोरेगावात त्यानं भाता लावला. सेहेचाळीसच्या उन्हाळ्यात कवठे महांकाळकडचा मानसिंग त्याला न्यायला आला. विहिरीतून दगडमाती वर ओढायला यारी करून हवी होती.

विहीर जुनीच. मागं यारीचा लाकडी दांडा मोडला, कड ढासळली आणि मानसिंगचा थोरला भाऊ अर्जुना तळाशी गाडला गेला. त्याला काढता आलं नव्हतं.

मानसिंगनं फौजेच्या भंगारातलं लोखंड आणलं होतं. नाथाजीनं एकेक तुकडा दोन दगडांवर आडवा टाकला आणि मधोमध धोंड्यांची पाटी टांगली. पट्टी लगेच वाकली. काटकोनी अँगल पिळवटला. गोल पाईप मात्र हूं की चूं करेना.

"दांड्याला ह्योच घालू," नाथाजी म्हणाला.

अर्जुनाची आई हरणाबाई बांधावर बसली होती. "किती वजन धरंल रं बाबा?"

"चार माणसांचं तरी, आये."

"माजा अर्जुना लय जड झालाय."

भाकरी खाऊन ते परतले, तर पाटी बाजूला पडलेली आणि रिकामा पाईप मधोमध वाकलेला. भर दुपार, वाऱ्याची झुळूक नाही. नाथाजीनं हात लावला. लोखंड थरथरत होतं, नुकतंच ओझं उतरल्यासारखं.

"कुणी टांगलं हुतं काय, आये?"

"न्हाई. मी हितंच हाय."

नाथाजीनं निघायला हत्यारांची पिशवी उचलली. म्हातारीनं थांब म्हटलं नाही. ती नुसती विहिरीकडे बघत राहिली. नाथाजीनं पिशवी खाली ठेवली.

दोन अँगल तोंडाला तोंड लावून त्यानं चौकोनी पोकळ दांडा जोडला, खालून तिरका टेकू दिला.

"एवढं कशाला गड्या?" मानसिंगनं विचारलं. नाथाजी टेकूचा जोड ठोकून बघत राहिला.

यारी विहिरीवर उभी राहिली. गाळ उपसता उपसता हाडं लागली. कापडात बांधून पाटीत ठेवली, तर चौघा गड्यांना यारीचा रहाट फिरवेना. दोर ताणला, दांडा कण्हला.

"वर ये, अर्जुना," हरणाबाई हळूच म्हणाली. "घरला जाऊ."

दांडा वाकला नाही. पाटी काठावर आली आणि म्हातारीनं ते गाठोडं एका हातानं अलगद उचललं.

अर्जुनाला अग्नी दिला तेव्हा नाथाजी शेवटपर्यंत उभा होता. दिवाळीच्या आत विहिरीला गोड पाणी लागलं.