तिसऱ्या मजल्याचं ओझं

बाई कुलगुरू झाल्या तेव्हा विद्यापीठात सगळ्यांनी एकच अंदाज बांधला, की आता नव्या प्रयोगशाळा येणार. त्या रसायनशास्त्राच्या. उजव्या मनगटावर आम्लाचा जुना डाग, बोलणं मोजकं आणि चालणं इतकं भरभर की बरोबरच्या माणसाला धाप लागावी. मी परीक्षा विभागात लिपिक होते. त्यांच्या दालनात फायली नेण्याचं काम माझ्याकडे आलं होतं, त्यामुळे पहिल्याच आठवड्यातलं ते बोलणं मी स्वतः ऐकलं.

त्यांनी ग्रंथपालांना बोलावून घेतलं होतं. ग्रंथपालांना आम्ही सूचीकाका म्हणायचो. कुठलंही पुस्तक विचारा, कपाट कुठलं, फळी कितवी, सगळं तोंडपाठ.

"इतिहास, भाषा, तत्त्वज्ञान, यांची पुस्तकं कुठे आहेत?" बाईंनी विचारलं.

"अकरा ठिकाणी."

"अकरा म्हणजे?"

"विभागप्रमुखांच्या खोल्यांमधल्या कपाटांत. काहींच्या किल्ल्या प्रमुखांकडे आहेत, दोन कपाटांच्या कुणाकडेच नाहीत. जुने शब्दकोश उपाहारगृहाच्या मागच्या खोलीत आहेत. गॅसच्या टाक्यांशेजारी."

बाई हसतील असं मला वाटलं होतं. त्यांनी पेन खाली ठेवलं आणि खिडकीकडे तोंड वळवलं.

त्यामागचं कारण मला पुढे त्यांच्या ताईंनी सांगितलं. दोघी बहिणी एकाच घरात राहायच्या. ताई सहा वर्षांनी मोठ्या. तरुणपणी त्या इतिहासात संशोधन करत होत्या, जुन्या काळातल्या बायकांनी लिहिलेल्या पत्रांवर. ती पत्रं खंडांत बांधून ठेवलेली होती, पण याच विद्यापीठातल्या एका प्राध्यापकांच्या कपाटात. ते रोज म्हणायचे, उद्या या. दोन वर्षं हे चाललं. शेवटी ताईंनी नाद सोडला आणि शाळेत नोकरी धरली. घरात त्यावर पुन्हा कधी बोलणं झालं नाही. "ती माझ्याआधी चिडली होती," ताई मला म्हणाल्या. "मी नुसती दमले होते."

सगळी पुस्तकं एका छपराखाली आणायची आणि कुणालाही, अगदी बाहेरगावच्या माणसालाही, मागेल ते पुस्तक हातात मिळायचं, एवढंच बाईंच्या डोक्यात होतं. त्यात त्यांची चार वर्षं गेली. विभागप्रमुखांच्या नाकदुऱ्या काढणं हे रसायनांपेक्षा अवघड, असं त्याच म्हणायच्या. भाषेचे प्राध्यापक तर किल्ली जानव्यासारखी अंगावर बाळगायचे. एकदा बाई स्वतः त्यांच्या खोलीत गेल्या. मी फाईल घेऊन दारात उभी होते.

"पुस्तकं माझी नाहीत, हे मला कळतं," प्राध्यापक म्हणाले. "पण वाळवीपासून ती मी वाचवली. तेव्हा विद्यापीठातलं कुणी फिरकलं नाही."

"म्हणून तर तुमच्याकडे आले. तुम्हीच न्या ती. तिथेही तुम्हीच बघा."

प्राध्यापकांनी किल्ली लगेच दिली नाही. तीन आठवड्यांनी दिली, तीही पाकिटात घालून, पोच मागून.

मग गावोगावची माणसं आपले संग्रह देऊ लागली. बाई रविवारी खोकी आणि सुतळी घेऊन स्वतः जायच्या. कुणा वारलेल्या अभ्यासकाच्या घरी त्याच्या बायकोसमोर बसून एकेक पुस्तक पुसत यादी करायच्या. पुस्तकं येत गेली, इतकी की सूचीकाकांची झोप उडाली.

जागा मिळाली ती आमच्याच विभागाची जुनी इमारत. आम्ही नव्या जागेत गेलो आणि तीन मजले मोकळे झाले. तळमजल्यावर वाचनालय, दुसऱ्यावर नियतकालिकं आणि संशोधकांची टेबलं, आणि तिसऱ्यावर पुस्तकांची लोखंडी कपाटं, असं ठरलं. विद्यापीठाच्या अभियंत्यांनी एक टिपण लिहून पाठवलं. अतिशय शांत माणूस, फोनवरसुद्धा हळू बोलणारा. टिपण जेमतेम पाऊण पानाचं होतं. तिसऱ्या मजल्याचा स्लॅब टेबलखुर्च्यांसाठी बांधलेला आहे, एवढ्या पुस्तकांचं वजन तो पेलणार नाही, खालून लोखंडी तुळया टाकून घ्याव्यात, त्याला दीड वर्ष लागेल.

बाईंची मुदत संपायला आठ महिने उरले होते. प्र-कुलगुरूंचा त्या इमारतीवर डोळा होता, त्यांना तिथे व्यवस्थापनाचा अभ्यासक्रम सुरू करायचा होता. बाई गेल्या की पुस्तकं पुन्हा अकरा कपाटांत जाणार, हे शिपायालाही ठाऊक होतं. बाईंनी टिपण दोनदा वाचलं. मग समासात लिहिलं, "पाहिलं. जड कपाटं भिंतीलगत ठेवावीत. काम थांबवू नये." आणि खाली सही. ते टिपण मीच फाईलला लावलं.

उद्घाटनाला नऊ दिवस होते. सकाळी साडेदहाला सूचीकाका दालनात आले. त्यांनी नमस्कारही केला नाही.

"बाई, तिसऱ्या मजल्यावर एका कपाटाचं दार बंद होत नाहीये."

"सुताराला सांगा."

"काल एकाचं होत नव्हतं. आज चौघांचं होत नाही. बंद केलं की आपोआप उघडतं. सगळी दारं एकाच बाजूला कलतात."

बाई उठल्या. मीही मागोमाग निघाले. तिसऱ्या मजल्यावर नव्या रंगाचा वास होता. मधल्या रांगेतली कपाटं लांबून सरळ दिसत होती. बाईंनी माझ्या हातातली पेन्सिल घेतली आणि फरशीवर ठेवली. ती जरा थांबली, मग भिंतीकडून मधल्या रांगेकडे घरंगळत गेली आणि कपाटाखाली दिसेनाशी झाली. भिंतीलगतची जागा केव्हाच भरली होती. पुस्तकं येतच राहिली आणि कपाटं मध्ये लागत गेली, हे आम्हा सगळ्यांच्या डोळ्यांदेखत झालं होतं.

अभियंता दहा मिनिटांत आले. ते वर न येता आधी दुसऱ्या मजल्यावर गेले आणि छताकडे बघत राहिले. तिथे एक चीर होती, केसाएवढी, खिडकीपासून मधल्या खांबापर्यंत गेलेली. खाली टेबलांवर अकरा संशोधक वाचत बसले होते. उद्घाटनाआधीच बाईंनी त्यांना परवानगी दिली होती. अभियंत्यांनी शिडी मागवली, चिरेवर काचेची एक पातळ पट्टी आडवी चिकटवली आणि खाली उतरले.

"चीर जुनी असेल तर काच राहील," ते म्हणाले. "सरकत असेल तर फुटेल. तोवर इथे कुणी थांबू नये."

बाईंनी संशोधकांना बाहेर काढलं. एक मुलगी वही मिटायला तयार नव्हती. "एक परिच्छेद राहिलाय," ती म्हणाली. बाईंनी तिची वही स्वतः मिटली आणि तिच्या हातात दिली.

आम्ही चौघं जिन्याच्या दाराशी उभे राहिलो. तो पाऊण तास मी विसरणार नाही. सूचीकाका ओठांतल्या ओठांत काहीतरी पुटपुटत होते. मला वाटलं देवाचं नाव, पण ते कपाटांचे क्रमांक म्हणत होते. मग टक असा बारीक आवाज आला, बांगडी पिचल्यासारखा. काचेचा अर्धा तुकडा खाली टेबलावर पडला.

"तुम्ही लिहिलं होतं," बाई म्हणाल्या.

"हो."

एवढंच. मग ते टेकूसाठी फोन करायला वळले.

खालून टेकू लावायला लोखंडी खांब हवे होते, ते शहराबाहेरून यायला संध्याकाळ होणार होती. तोवर वरचं वजन कमी करणं भाग होतं. अभियंत्यांनी सांगितलं, वर एका वेळी चारच माणसं, हलक्या पायाची. ढीग करायचा नाही, आपटायचं नाही, हातगाडी चालणार नाही. मधल्या रांगेपासून सुरुवात. बाकीच्यांनी जिन्यावर उभं राहून हातोहात पुस्तकं खाली द्यायची. जिन्याचा भाग वेगळा बांधलेला आहे, तो पक्का आहे.

"वरच्या चौघांत मी," बाई म्हणाल्या.

"नाही."

"माझ्या सहीने ती वर गेली आहेत."

"बाई, तुमचे गुडघे दुखतात. एकदा अडखळलात तर चौघं जातील. जिन्यावर उभ्या राहा."

बाईंनी मान खाली घातली आणि जिन्याच्या पहिल्या वळणावर जाऊन उभ्या राहिल्या.

इतक्यात प्र-कुलगुरू आले. त्यांनी बाईंना बाजूला घेतलं, पण जिन्यात आवाज घुमतो. "विजेत बिघाड झालाय म्हणून इमारत बंद ठेवतोय, असं सांगू. वर्तमानपत्रवाले येतील. तुमच्याच भल्यासाठी सांगतोय."

"स्लॅबला चीर गेली आहे असं लिहा," बाई म्हणाल्या. "मी सही करते. आणि कोट काढा, माणसं कमी पडताहेत." त्यांनी कोट काढला नाही. ते निघून गेले.

माणसं मात्र येत गेली. परीक्षा विभाग रिकामा झाला. उपाहारगृहातला आचारी हात पुसत आला. झाडू मारणाऱ्या दोघी आल्या. भाषेचे प्राध्यापक आले आणि कुणाला न विचारता वर निघाले. अभियंत्यांनी अडवलं तर म्हणाले, "माझं वजन पंचेचाळीस किलो आहे. आणि कुठलं पुस्तक कसं धरायचं ते मला कळतं." ते खरंच होतं. त्यांना जाऊ दिलं.

ताई बाराच्या सुमारास आल्या. घरी फोन कुणी केला ते कळलं नाही. त्या बाईंच्या एक पायरी खाली उभ्या राहिल्या आणि हात पुढे केले. त्यांच्याखाली मी.

तासन्‌तास पुस्तकं येत राहिली. आधी आम्ही मोजत होतो, मग मोजणं सुटलं. दंड भरून आले, धुळीने घसे बसले. दुपारी अडीचच्या सुमारास वरून अभियंत्यांचा आवाज आला, "थांबा." जिन्यावरची साठएक माणसं होती तशी थिजली. प्रत्येकाच्या हातात एकेक पुस्तक. दुसऱ्या मजल्यावर गिलाव्याचं ढेकूळ धप्पकन पडलं आणि धूळ दारातून बाहेर आली. वर चार माणसं होती. सूचीकाका त्यांतच. बाईंनी कठडा धरला.

मिनिटभराने आवाज आला, "चालू करा. हळू."

त्यानंतर थोड्या वेळाने पाच जाड खंड आले, काळ्या कापडी बांधणीचे. बाईंनी पहिला हातात घेतला आणि पाठीवरचं नाव वाचून जागीच थांबल्या. ताईंनीही ते वाचलं. ती पत्रं होती.

"ताई," बाई म्हणाल्या.

"दे इकडे. मागे रांग खोळंबली आहे."

ताईंनी तो खंड घेतला आणि माझ्याकडे दिला. मग दुसरा, मग तिसरा. पुढे वाचनालय उघडल्यावर त्यांनी ती पत्रं सवडीने वाचली. महिनाभर रोज डबा घेऊन जायच्या. कसं वाटलं विचारलं तर म्हणाल्या, "अर्ध्या पत्रांत पापडाच्या तक्रारी आहेत. बाकीची छान आहेत."

सव्वापाचला खांब आले. सहा वाजता टेकू बसले. वरची चार माणसं खाली उतरली तेव्हा सूचीकाकांना पायरीवरच रडू कोसळलं. दोन तृतीयांश पुस्तकं खाली आली होती. एकाही माणसाला खरचटलं नव्हतं.

आठवड्याने विद्यापीठाच्या परिषदेची बैठक झाली. मी टिपणं घ्यायला होते. बाईंनी अभियंत्यांचं टिपण काढलं, मोठ्याने वाचलं, मग समासातली स्वतःची ओळही वाचली. "हे माझं आहे," त्या म्हणाल्या. "घाई माझी होती. माझी मुदत संपत होती, म्हणून मी माणसांच्या डोक्यावर ओझं ठेवलं. चौकशी जरूर करा. पण चूक माझी आहे, पुस्तकांची नाही."

प्र-कुलगुरूंनी लगेच मांडलं की पुस्तकं तूर्त आपापल्या विभागांत परत पाठवावीत. सगळ्यांनी भाषेच्या प्राध्यापकांकडे पाहिलं, कारण सगळ्यात मोठं कपाट त्यांचं.

"मी किल्ली परत घेणार नाही," ते म्हणाले. "माझ्याकडे पोच आहे."

कुणीतरी हसलं आणि ताण सैल झाला. मत घेतलं तेव्हा दोन जास्तीच्या हातांनी ग्रंथालय टिकलं. इमारत दुरुस्त होईपर्यंत पुस्तकं क्रीडागृहात ठेवायची असं ठरलं. खेळाडू आमच्यावर दोन वर्षं खार खाऊन होते.

बाईंना ठपक्याचं पत्र मिळालं. दुसरी मुदत मिळाली नाही. उरलेले महिने त्या रोज क्रीडागृहात जाऊन बसायच्या, सूचीकाकांबरोबर कार्डं लावत. अभियंत्यांचा प्रत्येक कागद आता त्या उभ्याने वाचायच्या आणि खाली फक्त "मान्य" लिहायच्या. निवृत्तीच्या दिवशी त्यांनी निरोपाचा समारंभ घेऊ दिला नाही.

दुरुस्तीला दोन वर्षं लागली. तुळया बसल्या, कपाटं तळमजल्यावर आली, वाचणारी माणसं वर गेली. उद्घाटन नव्या कुलगुरूंनी केलं. बाईंना आमंत्रण होतं की नाही यावर आजही वाद आहेत. त्या आल्या नाहीत एवढं खरं.

त्या आल्या पुढच्या सोमवारी, सामान्य वाचकांच्या रांगेत. खिडकीवरच्या नव्या मुलीने त्यांना ओळखलं नाही. अर्जावर विद्यापीठातल्या कुणाची तरी ओळख म्हणून सही लागेल, असं तिने सांगितलं. बाई म्हणाल्या, "बरोबर आहे, नियम आहे," आणि इकडेतिकडे बघू लागल्या. मी पलीकडच्या टेबलाशी होते. धावत जाऊन सही केली. सही करताना माझा हात अडखळला, कारण रकाना होता, "अर्जदारास आपण किती वर्षे ओळखता?"

कार्ड घेऊन त्या वर वाचनालयाच्या दाराशी गेल्या. सूचीकाका आतून आले, एकदम ओशाळे झालेले.

"बाई, एकही खुर्ची रिकामी नाही. लांबलांबची माणसं आली आहेत. कुणाला उठवू का?"

"अजिबात नको," बाई म्हणाल्या. मग दाराच्या काचेतून आत बघत त्यांनी हळूच विचारलं, "सगळ्या भरल्या?"

"सगळ्या."

बाहेर व्हरांड्यात एक बाक होतं. बाई तिथे जाऊन बसल्या, मांडीवर हात ठेवून, आपला नंबर येण्याची वाट बघत.